धुरपदाबाईचं डालगं

नदीला पूल ठाऊक नव्हता, तेव्हाची ही गोष्ट. किती वर्षं झाली ते विचारू नका. माझ्या पणजीनंही ती ऐकलेलीच होती, पाहिलेली नव्हती.

तेव्हा आपल्या डोहगावात धुरपदाबाई नावाची बुरडीण राहायची. कळकाच्या, म्हणजे बांबूच्या, बेटापाशी तिचं खोपटं होतं. सुपं, टोपल्या, कोंबड्या झाकायची डालगी, सगळं ती विणायची. तिनं विणलेल्या टोपलीतून पाणी आणलं तरी थेंब गळायचा नाही, असं म्हणतात. हसताय काय? ऐकायचं असेल तर नीट ऐका.

तिला एकच मुलगा होता, सोपान. तो नदीत गेला. कोंडाजी नावाड्याची नाव भर पुरात उलटली, कोंडाजी वाचला आणि सोपान वाचला नाही. तेव्हापासून धुरपदाबाई कोंडाजीचं तोंड बघत नव्हती. पलीकडच्या बाजाराला जायचं असलं तर पाणी उतरेपर्यंत थांबायची, पण त्याच्या नावेत पाय ठेवायची नाही. तो समोरून आला की ही पाठ फिरवायची. सारं गाव हे जाणून होतं.

मग एका चैत्रात देवीचा चांदीचा मुखवटा चोरीला गेला. सकाळी गुरवानं दार उघडलं तर मुखवटा नाही, नुसता शेंदूर फासलेला दगडाचा तांदळा. त्यानं अशी बोंब ठोकली की गुरांनीही दावी तोडली. लोक धावले. देवळामागच्या मऊ धुळीत एक पाऊल उमटलं होतं, एकच.

"केवढं रुंद पाऊल!" कुणीतरी म्हणालं. "हे कोंडाजीचंच!"

झालं! एकाला दिसलं की सगळ्यांना दिसायला लागतं. कोंडाजी घरी नव्हता, पहाटेच नदीपलीकडे लेकीच्या गावी गेला होता. "पळाला, पळाला!" असा गलका उठला. सुभानराव पाटलांनी माणसं पिटाळली आणि सर्वांसमोर सांगून टाकलं, "देवीला हात लावला ना? त्याचा उजवा हात मनगटापासून उतरवायचा." आता नावाड्याचा हातच गेला, तर त्यानं वल्हं धरायचं कशानं?

इकडे पावलाभोवती ही गर्दी. एक बाई म्हणाली, देवीच रुसून निघून गेली, हे तिचंच पाऊल, आणि ती हळदीकुंकू घेऊन आली. गुरव म्हणाला, जागा बाटली, गोमूत्र शिंपडतो. एक शहाणा तर त्यात आपला पाय घालून बघायला निघाला होता. धुरपदाबाई बाजाराला चालली होती, डोक्यावर डालग्यांची चवड. ती गर्दीत घुसली, वरचं डालगं काढलं आणि त्या पावलावर पालथं घातलं.

"कुणी हात लावायचा नाही," ती म्हणाली. "ज्याच्यावर आळ आलाय तो येऊ दे. त्याच्या डोळ्यांदेखत उचलायचं."

पाटील थक्क झाले. "अगं धुरपदा, तू म्हणतेस हे? तुझं पोर बुडवलंन् त्यानं!"

"मीच म्हणते, पाटील. त्याचं वाटोळं झालं तर मला काही वाईट वाटायचं नाही. पण आधी नीट बघा, मग काय ते करा."

आणि ती तिथंच फतकल मारून बसली. डालग्याच्या फटीतून तिनं स्वतःसुद्धा डोकावलं नाही.

दुपारी वावटळ उठली. अशी वावटळ गावानं कधी पाहिली नव्हती. सूर्य तांब्याच्या तबकासारखा झाला, सगळीकडे पिवळा उजेड पसरला, आणि झाडं हलत होती पण त्यांचा आवाज येत नव्हता, असं म्हणतात. लोक घरात पळाले. धुरपदाबाई एकटी उरली. आणि तिच्या मनात आलं, कडा नुसती बोटभर उचलली तरी पुरे, बाकीचं वारा करील. पाऊल पुसलं की लोक आपल्या डोक्यानंच निवाडा करतील, आणि ज्या हातातून माझा सोपान निसटला तो हात जाईल. तिची बोटं कडेखाली गेलीसुद्धा.

तेवढ्यात धुळीतून सोपान आला. केस ओले, अंगावर बुडाला त्या दिवशीचीच बंडी. तो डालग्याच्या पलीकडे बसला आणि लहानपणी टोपली विणताना आईला धरून द्यायचा तशी त्यानं कडा धरून ठेवली. धुरपदाबाईनं बोटं काढून घेतली. ती खूप रडली. वारा डालग्यापर्यंत आला, वाकला आणि बाजूनं निघून गेला, असं म्हणतात.

दिवस कलताना कोंडाजीला काढण्यांनी, म्हणजे दोरांनी, बांधून आणलं. तोवर धूळ खाली बसली होती आणि तिथं धुरपदाबाई एकटीच होती.

"आधी त्याचे हात सोडा," ती म्हणाली. "डालगं तोच उचलेल."

पाटलांनी मान डोलावली. कोंडाजीनं डालगं उचललं. पाऊल होतं तसं होतं, कडसुद्धा ढासळली नव्हती. त्यानं शेजारी, जरा अंतर ठेवून, आपलं पाऊल उमटवलं. जन्मभर डुलत्या नावेत उभं राहिलेल्या माणसाची बोटं ती, पाचही पाच दिशांना फाकलेली. चोराची बोटं एकमेकांना चिकटून होती. पाय घसरला म्हणून तेवढं ते रुंद दिसत होतं. पाटील उकिडवे बसले, दोन्हीकडे पुनःपुन्हा बघत राहिले. मग म्हणाले, "नाही. याचं नाही."

मुखवटा पुढं नदीच्या वाळूत सापडला, असं म्हणतात. चोर कोण ते आजवर कळलं नाही, तेव्हा माझ्या तोंडाकडे बघू नका.

कोंडाजी धुरपदाबाईच्या पायांशी कोसळला. ती मागं सरली.

"पाया पडू नकोस. माझा सोपान मी विसरले नाही." मग ती नदीकडे वळली. "त्या दिवशी नावेत काय झालं ते सांग. मी तुला कधी विचारलंच नाही रे."

दोघं घाटावर जाऊन बसली. कोंडाजी काय बोलला ते कुणाला ऐकू आलं नाही. त्या वेळी नदीसुद्धा थांबली होती, असं म्हणतात. पण उठताना धुरपदाबाईनं त्याचा उजवा हात आपल्या दोन्ही हातांत धरला होता, हे साऱ्या गावानं पाहिलं.

अजूनही आपल्याकडे कुणावर आळ आला की देवळामागं नवं डालगं पालथं घालतात. तो माणूस येईपर्यंत पंच तोंड उघडत नाहीत. तो येतो, डालगं उचलतो, आणि पहिला शब्द त्याचा असतो. आणि घरात दुधाचं पातेलं लवंडलेलं दिसलं, शेजारी पोर उभं असलं, आईचा हात वर गेला, तरी तो तिथंच थांबतो. धुरपदाबाईचं नाव घेऊन ती हात खाली आणते आणि म्हणते, "आधी तू सांग बाळा, काय झालं?"