समितीपुढचं हाडूक

“पण बाई, समिती फसली, चित्रपट गाजला... मग तुम्ही पुन्हा कॅमेरा का नाही धरलात?”

शारोल्ताबाईंच्या स्वयंपाकघरात त्यांचा विद्यार्थी बालिंत विचारत होता. बाईंनी शेगडीवर कॉफी चढवली आणि त्या येऊन बसल्या.

स्वतः लिहायचं आणि स्वतःच दिग्दर्शन करायचं, असे चार चित्रपट करून ही हंगेरियन बाई एकाएकी गप्प झाली होती. सरकारने बंदी घातली, असं बुडापेस्टमध्ये सगळे म्हणत.

त्यांची एक युक्ती मात्र विद्यार्थ्यांना तोंडपाठ होती. चित्रपट सेन्सॉरच्या सरकारी समितीला दाखवायच्या आधी त्यात मुद्दाम एक वाह्यात प्रसंग घालायचा. समिती त्याच्यावर तुटून पडते आणि खरा प्रसंग निसटतो. बाई त्याला हाडूक म्हणत. शेवटच्या चित्रपटात त्यांनी समितीपुढे झिंगलेला मंत्री टाकला होता, आणि एका खाणकामगाराच्या विधवेने स्वतः सांगितलेली खरीखुरी कहाणी सहीसलामत पडद्यावर नेली होती.

बालिंतने पहिल्याच चित्रपटात तेच केलं होतं. डोक्यात हवा जायला तेवढं पुरे झालं.

“माझ्या नव्या चित्रपटातही एक म्हातारी आहे,” तो म्हणाला. “मुलगा तुरुंगात. त्याचा हात कोणत्या पहारेकऱ्याने मोडला, ते ती नावानिशी सांगते. आता म्हणते, तेवढं काढून टाक, मुलगा अजून त्याच माणसाच्या ताब्यात आहे. उद्या समिती बसणार, आणि हिला आज भीती सुचतेय!”

“मग?”

“मग काय? नाही काढणार. सत्य आहे ते. तुम्ही काढलं असतंत?”

बाई उठल्या. कपाटावरचा जुना कॅमेरा उतरवून त्यांनी टेबलावर ठेवला. दिवा बालिंतच्या तोंडाकडे वळवला आणि चावी दिली. कॅमेरा घरघरू लागला.

“वडिलांचं नाव सांग. आणि दार लावून घेतल्यावर ते सरकारबद्दल काय बोलतात, तेही सांग.”

बालिंत हसला.

मग त्याला वडील दिसले. रेल्वेतली सरकारी नोकरी, डोक्यावरून पांघरूण घेऊन परदेशी रेडिओ ऐकणारे वडील... त्याने तळहात कॅमेऱ्यापुढे धरला.

“बाई, बंद करा.”

“सत्य आहे ना?”

“बंद करा ते!” तो असा ताडकन उठला की खुर्ची मागे आपटली.

बाईंनी कॅमेऱ्याचं झाकण उघडून दाखवलं. आत रीळच नव्हतं.

त्याला आधी हायसं वाटलं, मग स्वतःची लाज वाटली, आणि लाजेपोटी तो चिडला.

“तुमची ती विधवा तरी अशी घाबरली नव्हती!”

“घाबरली होती. आदल्या दिवशी आली, पाया पडली. नवऱ्याला पोलिसांपासून ज्यांनी लपवलं, त्यांची नावं बोलून गेले, तेवढं काढ म्हणाली. मी तिला धीर दिला. म्हटलं, कात्री हाडकावरच पडेल.”

“आणि पडली!”

“पडली. त्यांनी मंत्री कापला. तिचं बोलणं मात्र अध्यक्षांनी पुन्हा लावायला सांगितलं. शेजारच्याने पेन काढलं. मग म्हणाले, हे राहू द्या, छान आहे... मी घरी येऊन नाचले रे.”

कॉफी उतू गेली. कोणीच शेगडीकडे गेलं नाही.

“त्याच आठवड्यात तिला नेलं. ज्यांची नावं तिने घेतली, त्यांनाही. एकही परत आला नाही.”

बालिंतने आपटलेली खुर्ची उचलून सरळ केली. बाईंकडे त्याला बघवेना.

“नेलं ते त्यांनी, बाई,” तो हळूच म्हणाला. “तुम्ही नाही...”

बाईंनी झाकण लावलं.

“तेव्हा माझ्या कॅमेऱ्यात रीळ होतं.”