काढ्याची दोन पातेली

डोंगराच्या कुशीतल्या एका गावी एक वृद्ध वैद्य राहत असत. त्यांच्या हाताखाली दोन शिष्य होते. भार्गव सहा वर्षे शिकत होता, आणि मात्रा मोजण्यात त्याचा हात कोणी धरू शकत नसे. निवृत्ती आदल्याच वर्षी आला होता. शिकायला मंद, पण रोग्याशी बोलायला बसला की रोगी निम्मा बरा होई.

एके वर्षी तापाची साथ आली. वैद्यांनी काढा सिद्ध केला आणि सकाळी दोन पातेली भरून शिष्यांपुढे ठेवली. निवृत्तीच्या पातेल्यात साडेचार लिटर काढा होता, भार्गवाच्या पातेल्यात दोन लिटर सातशे मिलिलिटर. निवृत्तीने मोठ्या माणसांना द्यावा, भार्गवाने मुलांना, असे सांगून त्यांनी दोघांना मात्रेचे एकेक माप दिले आणि ते शेजारच्या गावी रोगी पाहायला गेले.

भार्गवाची दृष्टी त्या मोठ्या पातेल्यावरून हलेना. सहा वर्षे मुळ्या कुटल्या त्या आपण, आणि काल आलेल्याला साडेचार लिटर! गुरूंचा जीव कोणावर आहे हे आता साऱ्या गावाला दिसणार, असे त्याला वाटले. निवृत्ती लोकांना रांगेत बसवायला बाहेर गेला, तेव्हा भार्गवाने हाताला लागला तो तांब्या त्याच्या पातेल्यात बुडवला आणि आपल्या पातेल्यात रिता केला.

दुपारी सव्विसाव्या माणसाला मात्रा दिल्यावर निवृत्तीचे पातेले संपले. वरच्या वाडीहून चालत आलेली चार माणसे उरली होती. नवा काढा दुसऱ्या दिवशीच होणार होता. निवृत्तीने हात जोडून त्यांची क्षमा मागितली. ती अंगावर घोंगडी ओढून परत फिरली. निवृत्तीचा उतरलेला चेहरा पाहून भार्गवाला बरे वाटले. ते बरे वाटणे तासभरही टिकले नाही.

वैद्य परतले. निवृत्तीने झाले ते सांगितले, आणि आपणच कुठेतरी सांडले असेल असे म्हणाला. वैद्यांनी दोन्ही पातेल्यांत डोकावून पाहिले. ते रागावले नाहीत. त्यांनी पाटी आणवली आणि भार्गवाला हिशेब करायला बसवले.

"मुलाची मात्रा ०.०९ लिटर. २.७ ला तिने भाग दे."

भार्गवाने दोन्हीकडचे दशांशचिन्ह दोन घरे सरकवले. दोनशे सत्तर भागिले नऊ. तीस आले.

"मोठ्यांची मात्रा ०.१५. तिने ४.५ ला भाग दे."

चारशे पन्नास भागिले पंधरा. पुन्हा तीसच आले. भार्गवाचा हात पाटीवरच थांबला.

"दोघांनाही मी तीस-तीस माणसे दिली होती," वैद्य म्हणाले. "तू किती दिले ते पाहिलेस, कितीने भागायचे ते पाहिले नाहीस. मत्सर नेहमी निम्मेच गणित मांडतो. आणि लहान पातेले तुला का दिले, ते ऐक. मोठ्या माणसाला थेंबभर कमीजास्त झाले तर चालते, मुलाला चालत नाही. एवढा अचूक हात माझ्याकडे एकच आहे."

भार्गवाने मान खाली घातली. त्याने आपल्या पातेल्यात उरलेला काढा स्वतःच मोजला. तो ०.६ लिटर भरला.

"त्यालाही मोठ्यांच्या मात्रेने भाग दे," वैद्य हळूच म्हणाले.

साठ भागिले पंधरा. "चार," भार्गव म्हणाला.

"चार काय?"

भार्गवाने पाटी खाली ठेवली. मग म्हणाला, "चार माणसे."

तो उठला. निवृत्तीपाशी जाऊन आपण काय केले ते त्याने स्वच्छ सांगितले. निवृत्तीने ते ऐकून घेतले. मग वरच्या वाडीतली ती घरे कोणती, ते त्याने एकेक करून समजावले.

दिवस कलला होता. भार्गव काढा घेऊन एकटाच चढण चढला. शेवटच्या घरी एका वृद्धेने मात्रा घेतली आणि विचारले, "संपला म्हणाला होता ना रे तुमचा तो दुसरा?"

"संपला नव्हता, आजी," भार्गव म्हणाला. "तुमचा वाटा मी उचलला होता."

म्हातारीने रिकामे माप त्याच्या हाती दिले आणि उंबऱ्याशी सरकून त्याला बसायला जागा करून दिली.