दौलत हवालदाराची पायरी

फार जुनी गोष्ट आहे. पाचवळ गावाला तेव्हा सडक नव्हती. गावात राऊळ आणि गावडे अशी दोन मानकरी घराणी होती. रवळनाथाच्या पालखीला पहिला खांदा कुणाचा, यावरून दोघांत वाद लागला आणि तो कोर्टात गेला. कोर्टाने देवळाला कुलूप लावलं, आणि दारावर दौलत शिरसाट नावाचा घाटावरचा हवालदार बसवला.

दौलतने न्यायाधीशांना विचारलं, "साहेब, देवापुढं दिवा कुणी लावायचा?"

साहेब म्हणाले, "तुम्हीच लावा. तुम्ही कुणाच्याच बाजूचे नाही."

तेव्हापासून दौलत रोज कुलूप काढून दिवा लावी आणि पुन्हा दारात बसे. खटला लांबला. साहेब बदलले, वकील म्हातारे झाले. दौलतला जेवण मात्र सुभद्रा गावडीण न चुकता पाठवी.

एका शिमग्याला दोन्हीकडचे लोक काठ्या घेऊन देवळावर आले. दौलत पायरीवर आडवा उभा राहिला. म्हणाला, "निकाल लागला की दार तुमचं. तोवर ते कोर्टाचं आहे." काठ्या त्याच्यावरच पडल्या. त्याचा पाय मोडला, पण कुलूप शाबूत राहिलं. तो इस्पितळात पडून होता, तेवढे दिवस आतला दिवा आपोआप जळत होता, असं म्हणतात.

मारहाणीच्या खटल्यात दौलतची साक्ष होती. तिच्या आदल्या दिवशी सुभद्रा आपल्या मुलासाठी त्याच्याकडे आली. "हवालदारांनू, माझ्या झिलाचा नाव घेव नकात."

"आई, तुमचं अन्न खाल्लंय मी," दौलत म्हणाला. "पण शपथेवर खोटं बोललो, तर कोणत्या हातानं दिवा लावू?"

त्याने कोर्टात पाय मोडणाऱ्या दोघांचीही नावं सांगितली. सुभद्राचा बाबल आणि राऊळांचा तातो, दोघं एकाच तुरुंगात गेले. सुभद्राने जेवण बंद केलं. दौलतची बदली झाली, तेव्हा त्याला निरोप द्यायला कुणी आलं नाही.

पुढे निकाल लागला. पुढचा दांडा एका घराण्याने धरावा, मागचा दुसऱ्याने, आणि दर वर्षी बाजू बदलावी. बाबल आणि तातो सुटून आले होते. त्यांनीच पालखीला खांदा दिला. पालखी जागची हलेना. मग आणखी माणसं लागली, तरी हलेना, असं म्हणतात.

तेव्हा सुभद्रा म्हणाली, "जेका मारल्यात, तेका बोलावल्यात काय?"

बाबल आणि तातो चालत घाटावर गेले आणि दौलतला डोलीत घालून घेऊन आले. त्याने दांड्याला नुसता हात लावला आणि पालखी फुलासारखी उचलली गेली, असं म्हणतात. त्या दिवशी सुभद्राने त्याला स्वतः वाढलं. दोघं काय बोलले, ते कुणाला ठाऊक नाही.

दौलत जिथे उभा राहिला, ती पायरी अजून आहे. पाचवळचा माणूस कोर्टात साक्षीला निघाला, की तिच्यावर हात टेकवून जातो. ज्याला खोटं बोलायचं असतं, तो देवळामागच्या पाणंदीने जातो. आणि कोण कुठल्या वाटेने गेला, हे गाव बघून ठेवतं.