रंगवलेली काजळी

फार फार मागं, एका राजाच्या नाट्यशाळेत एक मांडणकार होता. नाटकातल्या घराच्या भिंती सुतार उभ्या करी. त्या भिंतींत माणसं राहतात असं वाटायला लावी तो हा मांडणकार.

सामान काय, सगळेच मांडतात, मंडळी. पण बघणारा थबकावा असा मांडणारा एखादाच. हा चुलीमागं काजळी रंगवी. म्हातारा जिथं पाठ टेकेल तिथं भिंतीवर तेलकट डाग पाडी. नवा उंबरा मधोमध घासून झिजवी. एकदा तर प्रधानाची आई भर नाटकात उठून म्हणाली, "अरे, ते दूध उतू जाईल, कुणीतरी बघा." भांड्यात दूध नव्हतंच.

त्याची बायको मात्र गावी, भावाच्या घरी होती. लग्नानंतर तो म्हणाला होता, "आपलं घर झालं की न्यायला येतो." दर दिवाळीला तिचा निरोप येई, "कधी?" आणि याचं उत्तर ठरलेलं, "एवढं नाटक होऊ दे."

नाटक संपे, घर मोडे, दुसरं उभं राही. मोडताना त्याचा हात चुलीपाशी रेंगाळे. इथं ती बसली असती, असं मनात येई. प्रत्येक घरात तो खुंटीला एक हिरवं लुगडं अडकवी. नाटकात त्याचं काही काम नसे.

केस पिकल्यावर राजानं त्याला रजा दिली, जागा दिली. त्यानं जीव ओतून घर बांधलं आणि बायकोला आणलं.

ती दारातच थांबली. "अहो, हे कुणाचं घर?"

"आपलंच. असं काय विचारतेस?"

"मग उंबरा कुणी झिजवला?" आत जाऊन तिनं काजळीवरून बोट फिरवलं. बोट स्वच्छच राहिलं. "आणि इथं एवढी वर्षं कोण रांधत होतं?"

"तूच," तो म्हणाला. "म्हणजे, तू असतीस तर एवढी धरली असती. अगदी अंदाजानं रंगवलीय."

तिनं खुंटीकडं पाहिलं. "लुगडं आणायला सवड झाली वाटतं. मला आणायला तेवढी नव्हती."

मग ती दारामागं वळली. तिथं भिंतीवर, गुडघ्याएवढ्या उंचीवर, इवल्या हातांचे ठसे होते. तिनं एका ठशावर आपला तळवा टेकवला. म्हणाली, "हे पुसा. सगळंच पुसा."

त्यानं सगळ्या घराला चुना दिला. तिनं चूल पेटवली. रोज संध्याकाळी तो चुलीमागच्या भिंतीकडं बघत बसे. काजळी धरत होती, पण फार हळू. आणि दाट व्हावी एवढे दिवस दोघांच्याही पदरी उरले नव्हते.

त्यांच्यामागं त्या पांढऱ्या भिंतीवर एक फिकट काळी रेघ तेवढी राहिली. मात्र तिला बोट लावलं, तर ती बोटाला लागे.

राहिल्याच्या खुणा रंगवता येतात. राहायचंच राहून गेलं, तर ते कुणालाही रंगवून भरून काढता येत नाही.