भूगोल कोणी शिकवला?

कोर्टातला पंखा संथ फिरत होता आणि मांडीवरच्या लेकीला थोपटता थोपटता मृण्मयीचेच डोळे मिटत होते. विद्यापीठात ती तासिका तत्त्वावर, म्हणजे जितके तास शिकवेल तितक्याच पैशांवर, भूगोल शिकवायची. वर्षभराचं मानधन थकलं होतं. ते मिळालं तरच लेकीला पाळणाघरात ठेवून नवी नोकरी धरता येणार होती. वकील परवडत नव्हता, म्हणून ती स्वतःच बाजू मांडणार होती. मांडता येईल का, ही शंका तिलाच सर्वांत जास्त.

विद्यापीठाचे वकील धारपुरे बोलत होते. त्यांचा आवाज तिला दूरच्या नदीसारखा ऐकू येत होता. "मॅडम, या बाईंना नेमणुकीचं पत्रच नाही. त्या वर्षी भूगोल कोणीच शिकवला नाही. मुलं आपापली शिकली!"

"बोरकुटेबाई, तुमचं काय म्हणणं?" न्यायाधीशांनी विचारलं.

मृण्मयी दचकून उठली. "वकीलसाहेब म्हणतात ते मला मान्य आहे, मॅडम. फक्त तेवढं त्यांनी लिहून द्यावं."

"आनंदाने!" धारपुरे हसले.

"म्हणजे मुलांना दाखवता येईल. शिकवलंच नाही, तर सगळ्या वर्गाची वर्षाची फी विद्यापीठाने परत करायला हवी ना?"

धारपुऱ्यांचं पेन कागदावरच थांबलं. मागच्या बाकावरून कुलसचिव लगबगीने उठले.

"शिकवलंय, मॅडम, बाईंनीच शिकवलंय! आणि काय सुरेख शिकवलंय!"

"मग मानधन महिन्याभरात द्या," न्यायाधीश म्हणाल्या. "सुरेख शिकवल्याचे वेगळे पैसे त्या मागत नाहीत, एवढं नशीब समजा."