भाकरीएवढी गोवरी

ओढ्याकाठच्या एका गावात एक म्हातारी राहायची, चिमाक्का. तोंडात दात थोडे, पण खोड्या तोंडभर. घरात ती आणि तिची विधवा सून, दोघीच. पोट सगळं ओढ्यालगतच्या एका काळ्याभोर तुकड्यावर. पाऊस रुसला तरी तिथली ज्वारी डोक्याएवढी उंच व्हायची.

नेमकं तिथंच राजाला तळं बांधायचं होतं. उन्हाळ्यात आसपासच्या गावांतल्या बाया घागरी घेऊन लांबलांब पायपीट करायच्या, त्यांच्यासाठी. काम चांगलं, आणि हुकूम राजाचा. नाही म्हणायची सोय नव्हती. पण राजानं दिवाणाला बजावलं होतं, "जमिनीला जमीन द्या. कुणाला नागवू नका."

दिवाण हैबतराव आले. त्यांनी काठी टाकून चिमाक्काचं शेत मोजलं. मग टेकडीवरच्या माळावर तेवढीच जागा मोजली नि खुंट्या ठोकल्या.

"घे म्हातारे. काठीला काठी. बोटभर कमी नाही."

माळ म्हणजे नुसता धोंडा. तिथं कुसळांशिवाय कधी काही उगवलंच नव्हतं. सुनेचे डोळे भरून आले.

"आत्याबाई, आता खायचं काय आपण?"

"रडतीस काय? दिवाणजी उन्हातान्हाचे आलेत. चूल पेटव आधी. ते काय खातात ते बघू."

दिवाणजींना भूक कडकडून लागली होती. ते पाटावर बसले. फडक्यानं झाकलेली पितळी पुढं आली. पिठल्याचा वास दरवळत होता. त्यांनी घाईनं फडकं उचललं, तर पिठल्याशेजारी गोवरी! चांगली वाळलेली, गोल, थापणारीची पाची बोटं उमटलेली.

"ही काय थट्टा लावलीस गं?"

"अगंबाई, थट्टा कसली? माप बघा की!" चिमाक्कानं तव्यावरची भाकर आणून गोवरीशेजारी धरली. "काठाला काठ जुळतोय. बोटभर कमी असली तर सांगा. हीबी मीच थापलीय नि तीबी मीच."

दिवाणजी लालबुंद झाले. त्यांनी भाकरीकडं पाहिलं. मग दारातून दिसणाऱ्या माळाकडं पाहिलं. माणूस मनाचा खोटा नव्हता, जन्मात नांगर धरला नव्हता एवढंच. हळूहळू त्यांच्या मिशा हलायला लागल्या आणि ते खो खो हसत सुटले.

"हरलो, आक्का! मग मोबदला ठरवू कसा?"

"सोपं आहे. घटकाभर समजा, शेत तुमचं नि घेणारी मी. बदल्यात तुम्ही काय मागितलं असतं? तेच मला द्या. आणि आता खावा, भाकर निवतीय."

जेवून दिवाणजी तडक राजाकडं गेले. होऊ घातलेल्या तळ्याच्या बांधाखाली राजाच्या घोड्यांचं कुरण होतं, तिथलीही माती काळीच. "महाराज, शेत माझं असतं, तर मी हे कुरण मागितलं असतं. आणि पहिलं पीक येईपर्यंत घरात धान्य."

"मग माझ्याकडं काय बघताय?" राजा म्हणाला. "द्या!"

कुरणात खुंट्या ठोकायच्या दिवशी शेजारचा रंगू चिमाक्काच्या कानाला लागला. "आक्का, दिवाण वरमलाय. दुप्पट माग, मिळेल."

"मागते की," चिमाक्का म्हणाली. "पण मग राजाच्या ताटात गोवरी कुणी वाढली म्हणायची? मीच ना रे, मुडद्या?"

होती तेवढीच जमीन घेऊन ती सुनेबरोबर पेरणीला लागली. पुढं तळं भरलं. बायांच्या घागरी दाराजवळ भरायला लागल्या. आणि दिवाणजी कुठंही जमीन घ्यायला गेले, की लोक आधी विचारायचे, "दिवाणजी, भाकर देताय का गोवरी?"

तात्पर्य: दुसऱ्याची जमीन घेताना नुसतं माप जुळवू नये; त्याच्या जागी आपण असतो तर जे राजीखुशीनं घेतलं असतं, तोच खरा मोबदला, ना कमी ना जास्त.