आंबेखोलात पाळणा का म्हणत नाहीत

आंबेखोलात बारशाला गेलात, तर बायका बाळाला पाळण्यात घालतात, नाव ठेवतात, पण पाळणा म्हणत नाहीत. घुगऱ्या वाटेपर्यंत सगळ्या तोंड मिटून बसतात. याचं मूळ येसू बुरडीण, असं जुनी माणसं सांगतात.

येसूची चार मुलं जगली नव्हती. पाचवं जगलं तर देवीला पाळणा वाहीन, असा तिनं नवस केला होता. मुलगी जगली. पाळणा विणून झाला, फक्त वरचा दांडा राहिला. इथल्या रानात अंगठ्याएवढ्या पाकोळ्या, म्हणजे इवली वटवाघळं, बांबूच्या चिरेतून आत शिरतात आणि दिवसभर पोकळीत झोपतात. म्हणून बुरूड आधी कोयत्याच्या पाठीनं ठोकतो, त्या उडून जाऊ देतो, मगच घाव घालतो. दांड्याचा बांबू तोडायला गेली त्या सकाळी येसूला आनंदापुढे धीर नव्हता. तिनं ठोकलं नाही. चीर दिसली, तीही राळेनं बुजवली. देवीला फुटका दांडा कसा द्यायचा?

बुरडांनी वाहिलेलं तोवर देवळाच्या पायरीखालीच राही. पण पाळणा पायरीला टेकला आणि दांडा बारीक आवाजात गाऊ लागला, म्हणे. देवी गाते म्हणत सारा गाव लोटला. पाळणा थेट गाभाऱ्यासमोर टांगला गेला, येसूच्या ओटीत नारळ पडला. तिनं आवाज तेव्हाच ओळखला. राळ नखानंही निघाली असती. पण खरं सांगावं तर पाळणा उकिरड्यावर जाणार, नवस मोडणार, आणि मग पोरीचं काय? ती हात जोडून उभी राहिली.

तीन दिवस दांडा गायला. चौथ्या दिवशी गप्प झाला. देवी निजली, असं गावानं ठरवून टाकलं.

येसूला राहवेना. तिनं देवळाच्या लखू गुरवाला गाठलं.

"देवी नाय ती, गुरवांनू. पाकोळ्यो होत्यो. माझ्या हातान मेल्यो."

लखूनं इकडेतिकडे पाहिलं. "गप ऱ्हव गो. माका पयल्याच दिवशी कळला होता. ह्या गावात बांबू न तोडलेलो कोण आसा? तो आवाज सगळ्यांकाच म्हायत होतो."

येसू पुन्हा विणायला बसली नाही. मुलगी मात्र ऐंशी वर्षं जगली. देवीनं कुणालाच शिक्षा केली नाही, आणि तेच गावाला जास्त लागलं असावं. पुढच्या बारशाला एकीनंही पाळणा म्हटला नाही.

आजही दोरी हातात आली की इथल्या बायका नुसताच झोका देतात. कारण विचारलंत, तर देवी गायली तिथं आपण काय गायचं, असं सांगतील. सांगताना तुमच्याकडे कुणी बघणार नाही.